सिम्स ४ : जुन्या सेव्ह फाइल्स उडवायच्या कशा, आणि कुठल्या?

निशिगंध
नमस्कार मंडळी. इथे सिम्स ४ (माणसं, म्हणजे 'सिम', बनवून त्यांची घरं-संसार चालवायचा कॉम्प्युटर गेम) खेळणारे बरेच जण आहेत, म्हणून थेट विचारते.

१८ ऑक्टोबर २०२२ ला मूळ गेम फुकट झाला, त्याच आठवड्यात मी उतरवून घेतला. तेव्हापासून रात्रीची भांडी आवरली की तासभर खेळते. आता लॅपटॉपचा सी ड्राइव्ह लाल झालाय, २५६ जीबीपैकी जेमतेम ३ जीबी उरलेत. 'लोड गेम' उघडलं तर २७ सेव्ह. 'सरदेशमुख १', 'सरदेशमुख नवीन', 'सरदेशमुख नवीन खरा', 'ट्रायल', 'ट्रायल २', 'नको उडवू'. या शेवटच्यात काय आहे ते आता आठवत नाही, पण नाव वाचलं की हात मागे येतो.

यातलं एक घराणं सातव्या पिढीत आहे. आणि त्यांचं घर म्हणजे माझं आजोळ, वाईचा वाडा. खरा वाडा कधीच पाडला, तिथे आता चार मजली इमारत आहे. आई शेजारी बसून सांगायची आणि मी बांधायचे. चौक, ओसरी, माजघर, परसदार. गेममध्ये तुळशीवृंदावन नाही, म्हणून चौकात मधोमध बुटका खांब उभा केला आणि 'बीबी डॉट मूव्हऑब्जेक्ट्स ऑन' ही चीट (गेममध्ये टाइप करायची खास आज्ञा) मारून त्यावर कुंडी बसवली. तेवढ्या एका कुंडीला अख्खी संध्याकाळ गेली.

नको असलेले सेव्ह जावेत, हवा तो राहावा आणि यात वाड्याला धक्का लागू नये, एवढंच हवंय. गेममधून उडवू की फोल्डरमधून? फोल्डरमध्ये डोकावले तर १६३ फाइल्स दिसल्या. २७ सेव्हच्या १६३ फाइल्स कशा काय?

गोदाकाठ
काहीही उडवायच्या आधी 'सेव्हज' आणि 'ट्रे' (लायब्ररीत ठेवलेली घरं आणि घराणी यात असतात) हे दोन फोल्डर पेन ड्राइव्हवर कॉपी कर. झालं का? मग बाकीची चर्चा.

पन्हाळा_नाका
निशिगंध, तुमचा हिशोब अगदी बरोबर आहे, फोल्डर मुळीच बिघडलेला नाही. सविस्तर सांगतो, म्हणजे इतरांनाही उपयोग होईल.

डॉक्युमेंट्स, त्यात इलेक्ट्रॉनिक आर्ट्स, त्यात द सिम्स ४, त्यात सेव्हज. मॅकवरही डॉक्युमेंट्सच्या आत हीच वाट आहे. तिथे फाइलला तुम्ही दिलेलं नाव नसतं. 'स्लॉट', मग आठ अंकी क्रमांक, मग '.सेव्ह' असं असतं. ही झाली चालू फाइल. तुम्ही दर वेळी सेव्ह केलं की आधीची प्रत गेम फेकून देत नाही, तिला शेपटी लावून बाजूला ठेवतो: '.व्हर०', '.व्हर१' असं करत '.व्हर४' पर्यंत. ० म्हणजे सगळ्यात ताजी, ४ म्हणजे सगळ्यात जुनी. म्हणजे एका सेव्हच्या सहा फाइल्स. २७ गुणिले ६, १६२. उरलेली एक आठ शून्यांची, ती गेमची तात्पुरती कच्ची वही. सिम एका जागेवरून दुसऱ्या जागी गेला की गेम मधल्या नोंदी तिच्यात लिहितो.

या पाच जुन्या प्रतींसाठी फोल्डरमध्ये शिरायचीही गरज नाही. 'लोड गेम'मध्ये सेव्ह निवडला की गोल बाणाचं चिन्ह येतं, तेच 'रिकव्हर सेव्ह'. त्यावर टिचकी मारली की जुन्या प्रती तारीख-वेळेसकट दिसतात.

उडवायचं म्हणाल तर तिथेच कचरापेटीचं चिन्ह आहे. माझं मत, गेममधूनच उडवा. नाव आणि घराण्याचं चित्र समोर दिसतं, त्यामुळे भलत्यावर हात पडत नाही. नंतर गेम बंद करून फोल्डरमध्ये जा आणि त्या क्रमांकाची एखादी शेपटीवाली फाइल मागे राहिली आहे का ते बघा.

झिपरी
पन्हाळा_नाका +१, पण ताई, तुझी जागा सेव्हने खाल्लेलीच नाहीये असं मला वाटतं. त्याच 'द सिम्स ४' फोल्डरमध्ये 'मॉड्स' (गेममध्ये बाहेरून आणून घातलेलं सामान), 'स्क्रीनशॉट्स' आणि 'रेकॉर्डेड व्हिडिओज' आहेत. प्रत्येकावर राइट क्लिक करून प्रॉपर्टीज बघ आणि आकडे इथे टाक.

निशिगंध
बघितले.
सेव्हज ४.१ जीबी, ट्रे ६०० एमबी, मॉड्स १८ जीबी, स्क्रीनशॉट्स ३ जीबी, रेकॉर्डेड व्हिडिओज २२ जीबी (!)

व्हिडिओ कोणी काढले? मी तर कधी काढत नाही.

झिपरी
पीसीवर 'व्ही' दाबलं की रेकॉर्डिंग सुरू होतं. 'सी' दाबलं की फोटो. सिमला नाव देताना किंवा चीट टाइप करताना कर्सर चौकटीबाहेर असला की हे हमखास होतं. ते २२ जीबी आधी काढ, आज रात्रीचा प्रश्न सुटला.

आनंदकंद
मी स्पष्टच लिहितो. २७ सेव्ह ठेवण्यात अर्थ नाही. एक घराणं, एक सेव्ह, त्यावरच पुन्हा पुन्हा लिहायचं. पाच जुन्या प्रती गेम स्वतःहून ठेवतोच, मग 'सेव्ह ॲज' कशाला? मी २०१५ पासून असाच खेळतोय. माळा साफ असला की घरात वारा खेळतो.

कोरडवाहू
आनंदकंद, तुमच्या मताचा आदर आहे, पण इथे मी ठामपणे 'नाही' म्हणेन. आणि हे मी पोळलेला माणूस म्हणून लिहितोय.

पाच प्रती म्हणजे शेवटच्या पाच *सेव्ह*. पाच दिवस नव्हेत. आमच्याकडे तालुक्याला वीज कधी जाईल याचा नेम नाही, त्यामुळे मला दर दहा मिनिटांनी सेव्ह मारायची सवय. म्हणजे तासाभरात पाचही प्रती नव्या होऊन जातात.

मागच्या वर्षी गेमचं अपडेट आलं. अपडेटनंतर गेम मॉड्स आपोआप बंद करतो, हे मला तेव्हा माहीत नव्हतं. मी नेहमीसारखा सेव्ह उघडला. बायकोच्या सिमला बाहेरून आणलेले केस घातले होते, ती टकली दिसायला लागली. स्वयंपाकघरातली मांडणी, फडताळ, ओट्याखालची कपाटं, सगळं गायब, भिंती तेवढ्या उभ्या. मी घाबरलो. काहीतरी हललं असेल म्हणून नवीन ओटा ठेवला, सेव्ह केलं. सिमला बाजारात पाठवलं, परत आणलं, सेव्ह केलं. दुसरं फडताळ ठेवलं, सेव्ह केलं. अर्ध्या तासात सहा वेळा. रिकव्हर सेव्ह उघडलं तेव्हा पाचही प्रतींत तेच रिकामं स्वयंपाकघर.

काहीही न करता बाहेर पडलो असतो, मॉड्स परत चालू करून गेम पुन्हा उघडला असता, तर सगळं जागच्या जागी मिळालं असतं. तेव्हापासून माझा नियम असा: काही विचित्र दिसलं की सेव्हला हात लावायचा नाही, सरळ बाहेर. आणि दर रविवारी 'सेव्ह ॲज' करून नावात तारीख टाकायची. चार रविवार झाले की सगळ्यात जुना उडवायचा.

आनंदकंद
कोरडवाहू, हे पटलं. मी एका बैठकीत एकदाच सेव्ह करतो आणि मॉड्स वापरत नाही, म्हणून माझं निभावतं. रविवारची पद्धत चांगली आहे, माझं वरचं मत तेवढ्यापुरतं मागे घेतो. पण 'ट्रायल २' ठेवू नका हे कायम.

निशिगंध
'ट्रायल २' आत्ताच उडवला. :)

जुना_खेळाडू
या निमित्ताने जुनी गोष्ट. २००४ साली सिम्स २ आला तेव्हा मी डोंबिवलीत, दहावीचं वर्ष. घरी कॉम्प्युटर नव्हता. मित्राच्या घरी खेळायचो आणि त्याच्या मोठ्या भावाने जागा हवी म्हणून काही उडवू नये यासाठी माझं गाव पेन ड्राइव्हवर घेऊन हिंडायचो.

सिम्स २ मध्ये एका घराण्याची फाइल असा प्रकारच नव्हता. अख्खं गाव म्हणजे एक फोल्डर. एन००१ म्हणजे प्लेझंटव्ह्यू, एन००२ स्ट्रेंजटाउन, एन००३ व्हेरोनाव्हिल. आणि त्यातलं उडवणं भयंकर नाजूक. नको असलेला सिम यादीतून उडवला किंवा थडगं जागा अडवतंय म्हणून विकून टाकलं की बाकीच्यांच्या आठवणीत त्या माणसाच्या नोंदी राहायच्या आणि नोंदी बोट दाखवतील तो माणूस मात्र नाही. सगळं गाव आतून किडायला लागायचं. लगेच कळायचंही नाही. म्हणून जुने खेळाडू एकमेकांना एकच सांगायचे, मेलेल्यांना हलवा, एका कोपऱ्यात स्मशान करा, पण उडवू नका.

सिम्स ३ मध्ये (२००९) वेगळंच. तिथे प्रत्येक सेव्ह म्हणजे एक फोल्डर आणि शेजारी '.बॅकअप' लावलेला त्याचा एकच जोडीदार. गाव वाढत गेलं की सेव्ह करताना 'एरर १२' यायचा, कारण गेम ३२ बिटचा, मेमरीला मर्यादा. तो येण्याआधी कॅशच्या (गेमच्या तात्पुरत्या साठ्याच्या) पाच फाइल्स उडवून गेम हलका करायचा, हे दात घासण्याइतकं अंगवळणी पडलं होतं.

हे सगळं बघितलं की सिम्स ४ मधली ही पाच प्रतींची सोय किती मोलाची आहे ते कळतं.

सातासमुद्रा
अवांतर आहे, पण विषय तोच. आमच्याकडे न्यू जर्सीत मुलांकडे ॲनिमल क्रॉसिंग: न्यू होरायझन्स आहे, २०२० च्या मार्चमध्ये आला तो. त्यात एका स्विचवर (निन्टेन्डोचं गेम खेळायचं यंत्र) एकच बेट. घरात कितीही जण खेळोत, सगळे त्याच बेटाचे रहिवासी. धाकट्याला नवं बेट हवं होतं. त्यासाठी आधीचं पुसावं लागतं, आणि त्यात थोरलीची दोन वर्षांची बाग होती. काळे गुलाब, निळे गुलाब, सगळं तिने कलम करून करून आणलेलं.

तो पुसायच्या पडद्यापर्यंत पोचला होता, ती किंचाळत आली. त्या रात्री आम्ही जेवणाच्या टेबलावर चक्क सभा घेतली. शेवटी धाकट्याला बेटाचा उत्तर किनारा तोडून दिला. आता तिकडे त्याने भोपळ्याचं शेत केलंय आणि ती त्याच्या रोपांना पाणी घालते.

गोदाकाठ
सातासमुद्रा, किती गोड! :)

सिम्सच्या बाबतीत यावर साधा उपाय आहे. सेव्ह डॉक्युमेंट्समध्ये असतात आणि विंडोजच्या प्रत्येक अकाउंटला स्वतःचं डॉक्युमेंट्स असतं. भावंडांना वेगवेगळी अकाउंट्स करून द्या, एकाचे सेव्ह दुसऱ्याला दिसतच नाहीत.

आणि डॉक्युमेंट्स फोल्डर क्लाउडला सिंक होत असेल तर तिकडे लक्ष ठेवा. माझ्या बहिणीने जागा हवी म्हणून क्लाउडवरून सेव्हज उडवले, तिला वाटलं ती फक्त वरची प्रत आहे. सिंकने लॅपटॉपवरचेही नेले. क्लाउडच्या कचरापेटीत सापडले म्हणून वाचले. आम्ही आता 'इलेक्ट्रॉनिक आर्ट्स' फोल्डर सिंकमधून वगळलाय.

झिपरी
निशिगंधताई, फोल्डरमधून उडवायची वेळ आलीच तर कुठला क्रमांक कुठल्या घराण्याचा हे असं ओळख. गेममध्ये तो सेव्ह उघड, लगेच सेव्ह कर, बाहेर पड. फोल्डर 'डेट मॉडिफाइड'ने लाव. सगळ्यात वर आली ती तुझी फाइल. मी वहीत लिहून ठेवलंय.

आणि क्रमांक ९ नंतर १० येत नाही, ए येतो, मग बी, सी. षोडशमान पद्धत. 'शेवटी ए असलेली फाइल खराब दिसतेय' असं समजून माझ्या मैत्रिणीने चौथी पिढी उडवली होती.

पन्हाळा_नाका
वाड्याबद्दल मूळ प्रश्न राहिलाच.

सेव्ह आणि ट्रे या दोन वेगळ्या जागा आहेत. वाडा फक्त सेव्हमध्ये असेल तर सेव्हबरोबर जाईल. पण बिल्ड मोडमध्ये जाऊन तो 'माय लायब्ररी'त ठेवलात तर त्याची प्रत ट्रेमध्ये जाते आणि २७ च्या २७ सेव्ह उडवले तरी ती राहते. कुठल्याही नव्या सेव्हमध्ये रिकाम्या जागेवर तो वाडा मांडता येतो, फक्त जागा तेवढी मोठी हवी. बाहेरून आणलेलं सामान असेल तर ते ट्रेमध्ये जात नाही, मॉड्समध्येच असतं, ते सांभाळा.

माणसांचं मात्र तसं नाही. घराणंही लायब्ररीत ठेवता येतं, पण एका घरात जास्तीत जास्त आठ सिम. घरातल्या घरातली नाती टिकतात. घराबाहेरचे, वेगळे राहणारे काका, लग्न होऊन गेलेल्या मुली, यांच्याशी जोडलेला वंशवृक्ष तुटतो. म्हणून सात पिढ्या हव्या असतील तर सेव्हच ठेवा, त्याला पर्याय नाही. वाडा हवा असेल तर लायब्ररी पुरते.

ट्रे फोल्डरमधल्या फाइल्स हाताने उडवू नका. एका घराच्या पाच-सात वेगवेगळ्या फाइल्स असतात, एखादी राहिली की अर्धवट होतं. तिथली साफसफाई गेममधल्या लायब्ररीतूनच करा.

रानवारा
आम्ही प्लेस्टेशनवाले काय करायचं? :(

पन्हाळा_नाका
रानवारा, गेममधली कचरापेटी तुमच्याकडेही आहे. पण तुमचे सेव्ह पीसीवर आणता येत नाहीत. घर किंवा घराणं गॅलरीवर (खेळाडूंच्या ऑनलाइन संग्रहावर) चढवून पीसीवर उतरवता येतं, तेवढाच पूल आहे.

कोरडवाहू
एक राहिलं. गेम सेव्ह उघडायलाच नकार देत असेल तर जुनी प्रत हातानेही आणता येते. '.व्हर०' फाइल डेस्कटॉपवर कॉपी करा, शेवटची शेपटी काढा म्हणजे ती '.सेव्ह'वर संपेल, आणि क्रमांक वापरात नसलेला द्या. विंडोज विचारतं, शेपटी बदलली तर फाइल चालणार नाही, बदलू का? हो म्हणा. मग ती परत सेव्हजमध्ये टाका. मूळ फाइलवर लिहू नका, तिला शेजारी राहू द्या. आमच्या गल्लीतल्या दोन मुलींची घराणी मी अशी परत आणलीत.

आणि 'लोकलथंबकॅश' नावाची एक पॅकेज फाइल आहे, ती गेम बंद असताना बिनधास्त उडवा, गेम नवीन बनवतो. मॉड्स बदलल्यावर तर उडवाच.

शेवंती
आमच्या सोसायटीतल्या सगळ्या बायकांना मी सिम केलंय आणि २०२१ च्या फॅशन स्ट्रीट किटमधले (गेमच्या जादा सामानाचा छोटा संच) कपडे घातलेत. ते किट मुंबईवरच बेतलेलं आहे, त्यामुळे सगळ्या शोभून दिसतात. सेक्रेटरीबाईंचा सेव्ह उडवला तर मेन्टेनन्स वाढेल का?

आनंदकंद
'मदरलोड' ही पैशाची चीट टाइप करा, गेममधले ५०,००० येतील. दोन वर्षांचा मेन्टेनन्स भागेल.

रेवाकाठ
बराच वेळ नुसती वाचत होते. जुन्या सेव्हमध्ये इतका जीव का अडकतो, यावर थोडं.

हा खेळ ज्यांनी कल्पिला त्या विल राइट यांचं घर १९९१ साली कॅलिफोर्नियात ओकलंडच्या वणव्यात जळालं. नंतर संसार पुन्हा उभा करताना कुठली वस्तू आधी आणायची, कशाची खरंच गरज आहे, याचा त्यांना विचार करावा लागला. त्यातून या खेळाचं बीज पडलं आणि पहिला सिम्स २००० च्या फेब्रुवारीत आला. म्हणजे गेलेलं घर पुन्हा मांडणं हे याच्या मुळातच आहे. निशिगंधने आईला शेजारी बसवून वाडा बांधला, तेव्हा ती हा खेळ ज्यासाठी आहे तेच करत होती. म्हणून मला तिच्या 'नको उडवू'ची काळजी वाटते. निशिगंध, प्रत्येक सेव्ह एकदा उघड आणि घरातून फिरून ये. मग उडव. दोन मिनिटं लागतील.

शेवंती
रेवाकाठ, हे माहीतच नव्हतं. धन्यवाद.

निशिगंध
दहा दिवसांनी धागा वर काढतेय. सगळ्यांचे मनापासून आभार, आता वृत्तान्त.

व्हिडिओ गेले, २२ जीबी मोकळे. स्क्रीनशॉट बाहेरच्या डिस्कवर. मॉड्समधल्या केसांच्या ४०० प्रकारांतले मी सहाच वापरते असं दिसलं, तिथेही ११ जीबी वाचले. सेव्ह २७ चे ६ झाले. गोदाकाठने सांगितल्याप्रमाणे आधी पेन ड्राइव्ह, आणि रेवाकाठने सांगितल्याप्रमाणे प्रत्येक सेव्ह उघडून बघितला. त्यात तीन रात्री गेल्या.

'नको उडवू' सगळ्यात शेवटी उघडला. २०२३ मधला आहे. सरदेशमुखांची दुसरी पिढी. पडदा उजळला आणि समोर वाडा, पण *ओसरीसकट*. मी विसरूनच गेले होते. पाचव्या पिढीत जुळी झाली तेव्हा खोल्या हव्यात म्हणून मी ओसरी पाडून दोन बेडरूम काढल्या होत्या. सातव्या पिढीच्या सेव्हमध्ये ओसरी नाहीच. वाडा आहे असं समजून मी तोच सांभाळत बसले होते. आणि हा, आईने सांगून सांगून बांधून घेतलेला, झोपाळ्यासकट, या फाइलमध्ये होता. झोपाळ्याच्या डाव्या हाताला कोनाडा, त्यात दिवा. कोनाड्यासाठी मी भिंत एक चौकोन आत घेतली होती, तेही आठवलं.

लगेच लायब्ररीत ठेवला. पेन ड्राइव्हवर ठेवला. भावालाही पाठवला.

मग आईला दाखवला. ती चष्मा लावून जवळ येऊन बघत राहिली. म्हणाली, "छान आहे गं. पण ओसरीच्या पायऱ्या सात होत्या. तू सहा केल्यास."

पन्हाळा_नाका
बिल्ड मोडमध्ये पायाच्या उंचीची सरकपट्टी आहे, ती किंचित वर करा. जिना पायाला जोडलेला असला की पायऱ्या आपोआप वाढतात.

निशिगंध
केली. सात झाल्या. आता आई म्हणते, परसदारचा आड राहिलाय.